किल्ल्यावर उठलेलं आग्यामोहोळ

तुम्हाला सांगितल्याशिवाय राहवत नाही.

आईला डोंगर-किल्ले दाखवायचे म्हणून आज आदिलाबादहून खास गाडी केली होती. घाट आणि धबधबा पाहून दुपारी आम्ही एका जुन्या गोंड किल्ल्यावर पोचलो. आईचे गुडघे दुखतात, त्यामुळे ती मागून हळूहळू येत होती. मी बुरुजाचे फोटो काढत होते.

अचानक डोक्यावर घूंऽऽ असा आवाज झाला. आग्यामोहोळ उठलं होतं!

खालून ड्रायव्हर ओरडला, "मॅडम, भागो!"

मी गाडीपर्यंत पळाले. वळून पाहिलं तर आई वर पायऱ्यांवरच, पदरात तोंड लपवून उभी. मी ओढणी डोक्यावर घेऊन परत धावले.

"तू जाय वं! माह्यानं पळनं होत नाही!"

दोघींवर ओढणी ओढून, तिला कवटाळून एकेक पायरी उतरवली. ड्रायव्हरनं गाडी पायऱ्यांना लावलीच होती.

दवाखान्यात इंजेक्शनं झाली. डॉक्टर म्हणाले, आता धोका नाही. माझा एक डोळा सुजून मिटलाय.

आई मात्र रागावली आहे. "जाय म्हनलं होतं ना? मंग काऊन वापस आलीस?"

तुमच्या आईनं असं विचारलं, तर तुम्ही काय सांगाल?