मेथी निवडणारे हात

माझा मित्र दिगंबर गेल्याचा फोन आला, तेव्हा मी त्याच्याच प्रकरणातले सातवे पत्र लिहीत होतो. अर्थात त्याच्या संमतीवाचून. सहा आठवडे झाले, मी अजून स्वस्थ बसू शकलेलो नाही...

अंबडच्या कारखान्यात तो यंत्रभागांचे आराखडे काढी. नव्वदच्या दशकात त्याच ट्रेसिंग कागदावर, सुटीच्या दिवशी, तो दीड-दोन मिनिटांचे अॅनिमेशनपट रेखाटू लागला. चष्मा शोधणारा म्हातारा, बसची वाट पाहणारी बाई. रेषा मोजक्या, पार्श्वभूमी कोरी. "अरे, मागे एखादी भिंत तरी काढ!" मी म्हणे. "मग तुझ्या अर्जासारखं होईल. मुद्दा सापडायचा नाही." कारखान्याच्या शिस्तीप्रमाणे प्रत्येक कागदाच्या उजव्या कोपऱ्यात तो 'रेखाटले' म्हणून सही करी, पण चित्रण करताना नेमका तो कोपरा चौकटीबाहेर ठेवी. पडद्यावर नाव कुठेच नाही!

व्हायचे तेच झाले. मेथी निवडणाऱ्या दोन हातांचा त्याचा चित्रपट एका संस्थेने भलत्याच्याच नावाने दाखवला. नाशिकच्या न्यायालयात शिरस्तेदार म्हणून हयात घालवलेला मी. तत्काळ नोटीस तयार केली. त्याने सही नाकारली.

"बिनसनदेचे वकीलसाहेब, हात सुमनचे, मेथी तिची. मी नुसता बघत बसलो होतो. नाव कशाला?"

"हा युक्तिवाद कोणत्याही न्यायालयात टिकणार नाही!" मी ओरडलो, आणि स्वतःच्या नावाने पत्रे धाडू लागलो. 'आपला संबंध काय?' एवढेच उत्तर येई. दिगंबरला ते कळले, तेव्हापासून तो माझ्याशी बोलला नाही... शेवटपर्यंत. मी माफी मागितली नाही. चोरी ती चोरीच, असे मी आजही मानतो.

गेल्या रविवारी नवी नोटीस घेऊन सुमनवहिनींकडे गेलो. नामोल्लेखाचा हक्क निर्मात्यामागे वारसाला बजावता येतो, हे सांगता सांगता मीच अडखळलो. "पण त्याला ते नको होतं, वहिनी." आयुष्यात प्रथमच मी विरुद्ध बाजू मांडत होतो.

"त्यांना नको होतं, भावजी. मला कुणी विचारलं?" त्यांनी समोरची मेथीची जुडी बाजूला सारली. "माझे हात दुसऱ्या कुणाच्या घरचे म्हणून मिरवायचे? आणा तो कागद."

त्यांनी सही केली. ओल्या बोटांचा हिरवट ठसा समासात उमटला. डाग पडला की स्वच्छ प्रत करायची, हा माझा चाळीस वर्षांचा नियम. या खेपेस तोच कागद संस्थेला रजिस्टर पोस्टाने पाठवला.