इलाबाईंचं व्हॉटर

नाटकाच्या दौऱ्यावर माझ्या खिशात खिळे जमायचे. सेट सोडवताना निघालेला खिळा फेकवत नाही, खिशात जातो. पुढे कधी हात घातला की बोटाला टोचतो. किस्स्यांचं तसंच आहे. मी जमवले नाहीत, जमले. यातले बरेचसे टोचणारे आहेत. तेव्हा आधीच सांगतो, मी हे हसत हसत सांगणार नाही. तुम्हाला हसायचं तर हसा.

माझं शिक्षण सातवी. पडद्यामागे सेट ठोकण्यात आणि घंटा देण्यात आयुष्य गेलं. आता मुलाकडे, अमेरिकेत न्यू जर्सीतल्या पिस्कॅटवेला असतो. इथे एका तळघरात छोटं रेडिओ स्टेशन आहे. पगार कुणालाच नाही. रविवारी दहाला माझी सून मृणाल तिथे मराठी गाणी लावते. मी घरी एकटा नको म्हणून मला बरोबर नेते. आम्ही लवकर पोचतो.

आमच्या आधीचा, नऊचा तास इल्झेबाईंचा. मूळच्या ऑस्ट्रियाच्या, व्हिएन्नाच्या. तरुणपणी नटी. आता वय नव्वदीच्या घरात. गावातल्या बातम्या, हरवलेली कुत्री, कोण वारलं, कुठे सेल आहे, हे सगळं सांगतात आणि मधे जुनी गाणी लावतात. आमच्या मंडळींनी इल्झेचं इलाबाई करून टाकलं. त्यांनी तक्रार केली नाही.

*

स्टुडिओचा दरवाजा करकरायचा. पहिल्याच रविवारी मी घरून खोबरेल नेलं आणि बिजागऱ्यांना लावलं. वाटलं, कोणीतरी थँक्यू म्हणेल.

बाई आल्या. दरवाजा ढकलला. आवाज नाही. पुन्हा ढकलला.

"याला कोणी गप्प केलं?"

"मी."

"माझी पाठ दरवाज्याकडे असते. आता मागून कोण आलं ते मला कसं कळणार?"

माझं डोकं फिरलं. माझ्या कामाला आजवर कोणी नाव ठेवलेलं नाही. इंग्रजीत भांडायचं म्हटलं तर शब्द सापडेनात. शेवटी ओरडलो, "डोअर इज डोअर!"

पुढच्या रविवारी शेजारच्या एडिसन गावातल्या दुकानातून पूजेची पितळी घंटा नेली. म्हटलं, आवाज पाहिजे ना? घ्या आवाज! नऊच्या आधी तीनदा दिली, नाटकात देतात तशी. पहिली प्रेक्षकांना, दुसरी नटांना, तिसरी झाली की पडदा. मग आत कोणी मेलं तरी पडदा वर जाणार.

मला वाटलं, चिडतील. त्या खुर्चीतून उठल्या आणि माझा हात धरला. "व्हिएन्नातही तीनच!"

त्या दिवसापासून तसंच चालू झालं. दोन घंटा झाल्या की त्या माइकसमोर बसायच्या आणि मान न वळवता विचारायच्या, "तिसरी?" मराठीत. मी द्यायचो. एवढं एकच मराठी त्या शिकल्या. पुरेसं आहे.

*

गणपतीत इथल्या मराठी मंडळाने बाईंना स्टेजवर बोलावलं. अध्यक्ष मोठ्या कंपनीत मोठ्या हुद्द्यावर. माइक हातात आला की सोडत नाही असा माणूस.

"आज आपल्यात आहेत ऑस्ट्रेलियाच्या ज्येष्ठ अभिनेत्री..."

मी खालून ओरडलो, "ऑस्ट्रिया!"

"हां काका, तेच ते!"

तेच ते! दोन देश आहेत, दोन वाट्या नाहीत. वर याला गंमत सुचली. इंग्रजीत म्हणतो, "मॅडम, तुमच्या क्रिकेट टीमने फायनलला आम्हाला फार रडवलं. त्याचं काय?"

हॉल हसला. बाईंनी माइक हातात घेतला.

"सर, माझ्या देशाने जगात पुष्कळांना रडवलंय. तेवढं एक काम मात्र आमचं नाही."

अर्धा हॉल हसला. अर्धा गप्प झाला. अध्यक्षांनी "गुड जोक, मॅडम!" म्हणून त्यांच्या हातात नारळ दिला.

*

नटी म्हणून त्या अमेरिकेत आल्या तेव्हा त्यांना कामं पुष्कळ मिळाली. पण एकच काम. नाझी छावणीवरची पहारेकरी बाई. गणवेश घालायचा आणि कैद्यांवर ओरडायचं. उच्चार जर्मन, मग दुसरं काय देणार?

हे त्यांनी मला सँडविच खाता खाता सांगितलं.

"मी लहान असताना माझ्या वडिलांना ज्यांनी घरातून नेलं, त्यांचे कपडे मला चढवले. वडील परत आले नाहीत. कपडे मात्र अगदी मापाचे होते."

मी सँडविच खाली ठेवलं. त्या खात राहिल्या.

एकदा शूटिंगला डायरेक्टर म्हणाला, "अजून जोरात. अजून भीतीदायक. तुम्हाला हे आतून माहीत असणार!"

बाईंनी डोक्यावरची टोपी काढली, त्याच्या डोक्यावर ठेवली. "मग आता तू ओरड." आणि बस पकडून घरी गेल्या. त्यानंतर सिनेमा नाही, टीव्ही नाही, काही नाही.

मी विचारलं, "मग रेडिओ का?"

"रेडिओवर टोपी दिसत नाही."

*

रेडिओवर टोपी दिसत नाही, पण उच्चार ऐकू येतो. एका रविवारी एकाचा फोन आला. बाईंनी तो सरळ ऑन एअर घेतला.

"तुमचा एक शब्द कळत नाही! आलात तिथे परत जा!"

मी काचेबाहेर उभा होतो. शब्द सगळे नाही कळले, पण सूर कळला. तो सूर सगळ्या भाषांत सारखाच असतो. माझ्या मुठी वळल्या.

बाई शांत. "कुठला शब्द कळला नाही, सर?"

"एकही नाही!"

"मग तुम्ही चिडलात कशावर?"

पलीकडून फोन ठेवल्याचा आवाज आला. बाईंनी पुढची हरवलेली मांजर वाचली.

*

त्या माणसाला कळत नव्हतं, पण आम्हाला कळायचं. मुलांकडे येऊन राहिलेल्या आम्हा म्हाताऱ्यांना इथल्या कोणाचं इंग्रजी समजत नाही. नातवंडं बोलतात ते तर अजिबात नाही. बाई मात्र एकेक शब्द नीट ठेवून बोलायच्या, कारण त्यांनीही ही भाषा बाहेरून येऊनच शिकलेली. आमची बरीच मंडळी त्यांचं ऐकून इंग्रजी शिकली.

बाईंना खोकला आहे. अर्धा तास झाला, साडेनऊ वाजले, की हमखास यायचा. लपवायच्या नाहीत. माइकवरच खोकायच्या आणि म्हणायच्या, "आता व्हॉटर. तुम्हीही प्या." मग घोट ऐकू यायचा. ग्लास ठेवल्याचा ठक् आवाज यायचा. मग पुढचं गाणं.

आमच्या शेजारच्या कुसुमकाकूंनी एकदा हॉटेलात "व्हॉटर" मागितलं. नात म्हणाली, "आजी, इट्स वॉटर. तू एकदम जर्मन साउंड करतेस!"

काकू म्हणाल्या, "मिळालं ना पाणी? मग पी आणि गप्प बस."

*

आता निखिल. स्टेशनचा मॅनेजर. जन्म इथलाच, आईवडील ठाण्याचे. पोरगा वाईट नाही. पाया पडतो. पण कॉम्प्युटरच्या पाया जास्त पडतो.

बाईंची सगळी जुनी रेकॉर्डिंग्ज त्याने मशीनला ऐकवली आणि त्यातून बाईंचा आवाज तयार केला. बातम्या टाइप केल्या की मशीन बाईंच्या आवाजात वाचतं.

"काका, इट्स लिटरली हर व्हॉइस. नो खोकला, नो ब्रेक्स. आणि ॲक्सेंटही थोडा क्लीन केलाय."

"क्लीन? घाण होता का?"

"तसं नाही, काका. त्यांना रेस्ट मिळेल, यार."

"त्यांनी मागितली का?"

तो स्क्रीनकडे वळला. सोमवार ते शनिवार बाई एका खोलीत एकट्या असतात. त्यांचं माणसांशी बोलणं म्हणजे हा एक तास. तो काढून घ्यायचा आणि वर त्याला रेस्ट म्हणायचं! पण स्टेशनच्या कमिटीचं ठरलं होतं. एक रविवार मशीन लावून बघायचं. तक्रार आली नाही तर बाईंचा तास कायमचा मशीनचा.

बाईंना त्याने नमुना ऐकवला. त्यांनी डोळे मिटून ऐकला.

"छान बोलते," त्या म्हणाल्या. "कोण आहे ही?"

*

मी निखिलला सांगलीचा प्रयोग सांगितला. आमच्या कंपनीच्या मॅनेजरने एकदा घंटा टेपवर घेतली. म्हणे, एक माणूस वाचेल. तो माणूस मी! मला तिकीटबारीवर बसवलं.

टेपने पहिली दिली, दुसरी दिली, तिसरी दिली. पडदा वर गेला. स्टेजवर सोफा, टीपॉय आणि फुलदाणी. माणूस नाही! नायक संडासात होता. सांगलीच्या प्रेक्षकांनी बराच वेळ सोफा बघितला. मग मागून एकजण ओरडला, "काम चांगलं करतोय, पण आवाज येत नाही!"

टेपची चूक नव्हती. टेप वेळेवर वाजली होती. आत कोण तयार आहे ते बघायला टेपला मान नव्हती.

निखिलने सगळं नीट ऐकून घेतलं. "पण काका, ते ॲनालॉग होतं ना!"

घरी येऊन मुलाला सांगितलं. तो म्हणाला, "बाबा, तुम्ही कशाला इन्व्हॉल्व्ह होता? तुमचा काय संबंध?" त्या रात्री मी जेवलो नाही. सुनेने ताट झाकून ठेवलं. तिला संबंध कळला असावा.

*

तो रविवार आला. निखिलने बाईंना पाहुण्या म्हणून बोलावलं होतं. फुलं आणली होती. फोटो काढायचा होता. बाई ठेवणीतला निळा कोट घालून आल्या आणि सवयीने आपल्याच खुर्चीत बसल्या. माइक बंद होता. पाण्याचा ग्लास मी नेहमीसारखा भरून ठेवला.

मी घंटा उचलली.

"काका, आज घंटा नको. सगळं ऑटोवर आहे."

मी घंटा खाली ठेवली. हातात ठेवली असती तर त्याच्या डोक्यात घातली असती.

नऊला मशीन सुरू झालं. खरं सांगतो, आवाज हुबेहूब होता. तरुण वाटत होता उलट. बातम्या, कुत्री, सेल, गाणं. कुठे अडकणं नाही, श्वास नाही. निखिल माझ्याकडे बघून अंगठा दाखवत होता. मी भिंतीकडे बघितलं. बाई मांडीवर फुलं घेऊन स्वतःला ऐकत बसल्या होत्या.

साडेनऊ झाले. साडेनऊ होऊन गेले. मशीन बोलतच होतं.

फोनचा दिवा लागला. निखिलने स्पीकरवर घेतला. कुसुमकाकू होत्या.

"अरे निखिल, आज बाई पाणी कधी पिणार?"

"सॉरी काकू, काय?"

"पाणी रे, पाणी! त्या प्यायल्या की मी बीपीची गोळी घेते. रोज त्याच वेळेला घ्यायची, इतर दिवशी लक्षात राहत नाही, पण रविवारचं कधी चुकलं नाही. कधीची हातात धरून बसलेय. आता विरघळायला लागली ती!"

निखिलने कॉम्प्युटरकडे बघितलं. मग काकूंच्या फोनकडे. मग पुन्हा कॉम्प्युटरकडे.

बाईंना मराठी कळलं नव्हतं. त्यांनी मला विचारलं, "काय म्हणते?"

"व्हॉटर," मी म्हणालो.

दुसऱ्या लाइनचा दिवा लागला. मग तिसऱ्या.

बाईंनी मांडीवरची फुलं टेबलावर ठेवली. ग्लास जवळ ओढला. माइक स्वतःकडे वळवला. निखिलने काय केलं ते मी पाहिलं नाही, मी घंटा शोधत होतो, पण मशीन मधेच थांबलं.

त्यांनी मान वळवली नाही.

"तिसरी?"

मी दिली.