उदयसिंहाची दोन बोटं

उदयसिंह माझा सख्खा धाकटा भाऊ. आमच्या गल्लीत कारगिलला लढून आलेला गडी त्योच एकटा, आन् त्याला सायकलवर डबलसीट बसवून भरतीला म्या नेलता. मंगळवार पेठंत कुणाला बी इचारा.

त्याच्या उजव्या हाताची दोन बोटं न्हाईत. दूधकट्ट्यावर गिऱ्हाइकांम्होरं म्हशीची धार काढता काढता मी सव्वीस वर्षं सांगत आलोय, की दुश्मनाची संगीन त्यानं मोकळ्या हातानं धरली, बोटं तुटली पर सोडली न्हाय. त्यो सवता कधी तोंड उघडायचा न्हाय, मग म्या जमंल तसं जुळवलं. राजारामपुरीतलं कापडवालं तात्यासाहेब धारोष्ण दुधाचा गिलास हातात घेऊन रोज म्हणायचं, "ज्ञानू, आज किती मारलं रे उदयसिंहानं?" आकडा सोळावर गेलता.

उदयसिंह मातूर कट्ट्यावर यायचा न्हाय. मला वाटायचं, लाजतोय.

औंदा पेठंतल्या तालमीनं त्याचा सत्कार ठेवला. घरातनं निघताना म्हणला, "दादा, आज मी बोलणार हाय. संगीन न्हवती, ते सांगणार."

सगळा कट्टा तालमीत येऊन बसणार हुता.

"आजच्या दिवस ऱ्हाऊ दे की. सव्वीस वर्षांचा शब्द हाय माझा."

"माझ्यासंगं गुंडू हुता, आजऱ्याचा. त्याचं नाव तुझ्या गोष्टीत कुठं हाय?"

म्या चपला पायात सरकवल्या.

तालमीत त्यो माईकपुढं उभा ऱ्हायला. "मी एक बी गोळी झाडली न्हाय," म्हणला. "माझं काम टेलिफोनची वायर. डोंगरावरनं साहेब सांगायचे गोळा कुठं टाकायचा, आन् खालच्या तोफा तसा टाकायच्या. वरनं दुश्मनाचा गोळा पडला की वायर तुटायची. मग मी आन् गुंडू वायर धरून सरपटत तुटलेली जागा हुडकायचो. हातमोजं घालून जोड बसत न्हाय, ते काढायलाच लागत्यात. एका दिवसात सात जोड मारलं. सातव्याला गुंडूला गोळ्याचा तुकडा लागला. जीव गेला, पर वायरचं टोक मुठीत तसंच. ते सोडवून घेतलं, जोड मारला, लाईन लागली. माझी बोटं बर्फानं गेली. एवढंच."

पहिल्यांदा उठून उभं ऱ्हायलं ते तात्यासाहेब. माझी मान खाली हुती, पर छाती सदऱ्यात मावंना. सोळा मारणारा भाऊ कुणाचा बी असंल. त्या थंडीत सात डाव हातमोजं काढणारा माझा हाय.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी कट्ट्यावर मुकाट्यानं धार काढत बसलतो. तात्यासाहेब बी काय इचारंनात. तेवढ्यात उदयसिंह आला. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा. त्यानं गिलास म्होरं केला, म्या फेसासकट काठोकाठ भरला. शेजारी एक नवीन गिऱ्हाईक उभं हुतं. ते त्याच्या हाताकडं बघत म्हणलं, "पावणं, बोटांस्नी काय झालं?"

उदयसिंहानं मिशीवरचा फेस पुसला.

"दादाला इचारा," म्हणला.

म्या कासंवरचा हात काढला आन् सुरवात केली, "आजऱ्याचा एक गुंडू हुता..."