खोडदच्या बांधावरची चाल

स्वतः गाणी रचून, स्वतःच कॅसेटी काढून जत्रेत विकणाऱ्यांवर मी माहितीपट करायला घेतलाय म्हटल्यावर सासूबाई म्हणाल्या, "मग घरात काय करतेस?" दुसऱ्या दिवशी शिवाजीनगरहून सकाळची एसटी पकडली.

पेठ गाव मागे पडलं तशी हवा गार झाली. नारायणगावात मिसळ खाल्ली. नाकाडोळ्यांतून पाणी आलं, तरी आणखी रस्सा मागितला. पुढे खोडदला वडाप जीप, माणशी दहा रुपये, अंग चोरून बसायची तयारी ठेवा.

"ताई, मोबाईल बंद करा. हितं दुर्बीण हाय," ड्रायव्हर म्हणाला. कांद्याच्या शेतांपलीकडे आकाशातल्या रेडिओ लहरी टिपणाऱ्या त्या दुर्बिणीच्या अवाढव्य तबकड्या दिसत होत्या. तिथे बिनतारी माईकही चालत नाही. चित्रीकरणाला जाणार असाल तर लांब वायर न्या.

दशरथभाऊ शेती करतात आणि गाणी रचतात. पुढच्या आठवड्यात पुण्यात रेकॉर्डिंग होतं. सात गाणी पक्की होती, आठवं आईवरचं, दोन वर्षं मनात घोळवलेलं. चाल पक्की कशी करता, विचारलं.

"सकाळी बांधावर तीनदा म्हणायची, मग गप बसायचं. सांजपातूर कुनी आपसूक गुणगुणलं तर ठिवायची, न्हाईतर सोडायची."

"शेतात कांद्याच्या लावणीला येणाऱ्या बायकांना हे माहीत आहे?"

"छ्या! सांगितलं तर माझं मन राखाया म्हंतील."

दुसऱ्या दिवशी सकाळी ते गायले. मला तर चाल फारच आवडली. मग दिवसभर मी कॅमेरा लावून कान टवकारून बसले. दुपारी एकीने टीव्हीवरच्या हिंदी मालिकेचं गाणं धरलं. दुसरी म्हणाली, "भाऊ, आज लई गप! वहिनी रागावल्या का काय?" सगळ्या हसल्या. 'सकाळचं गाणं कसं होतं हो?' अगदी ओठांवर आलं होतं, पण भाऊंनी असं पाहिलं की गिळून टाकलं.

संध्याकाळी बायका घरी गेल्या. चाल कुणाच्याच तोंडी आली नव्हती.

"गेली," भाऊ म्हणाले.

"अहो, पण मला आवडली ना!"

"तुमी तर ऐकायलाच आलाव. तुमचं धरायचं न्हाई."

मला भाऊंचा रागही आला आणि रडूही. वहिनींनी पिठलं-भाकरी वाढली, ती खाल्ली आणि सकाळी पुण्याला परतले. कॅमेरा कपाटात ठेवला, टेप ऐकायचं धाडस झालं नाही. भांडी घासताना मात्र ती चाल तोंडात यायचीच.

आणि रेकॉर्डिंगच्या आदल्या दिवशी सकाळी हे दाढी करताना तीच चाल गुणगुणू लागले. मधली वळणंसुद्धा अचूक! मी तडक खोडदला फोन लावला.

भाऊंना सगळं सांगितलं. ते म्हणाले, "तुमी शिकिवली?"

"नाही हो. कुणाची चाल आहे हेही त्यांना ठाऊक नाही."

"टेप लावली व्हती?"

"नाही."

मग रिसीव्हर तसाच हातात धरून त्यांनी घरात हाक मारली, "अगं ए, आईचं गाणं बी घ्यायचं!"

ज्या प्रसंगासाठी मी एवढी वायर वाहून नेली, तो असा आमच्या मोरीत, दाढीच्या फेसात घडला, आणि कॅमेरा कपाटात होता. मला इतका आनंद झाला होता की त्याची हळहळसुद्धा वाटली नाही.