डावा हात

आमच्या शेजारचे कर्नलकाका जेवतात आणि लिहितात उजव्या हाताने. काल सकाळी मैदानावर आम्ही फिरत असताना कुणाचा तरी चेंडू घरंगळत त्यांच्या पायाशी आला. तो मात्र त्यांनी डाव्या हाताने, अगदी सराईतपणे वळवून परत टाकला. मला नवल वाटलं. विचारलं, तर म्हणाले, "तरुणपणी उजव्या हाताचा वेगवान गोलंदाज होतो मी. सैन्याच्या संघातून खेळायचो. मग सीमेवर खांद्यात गोळी लागली. डॉक्टर म्हणाले, सॅल्यूट करता येईल, तेवढ्यावर समाधान माना."

काकांनी मानलं नाही. बरे झाल्यावर कित्येक महिने ते बराकीमागच्या भिंतीवर डाव्या हाताने चेंडू टाकत राहिले. वरच्या संघात पुन्हा निवड झालीच नाही. पण पलटणीच्या एका सामन्यात त्यांनी चेंडू मागून घेतला.

जे आपल्याला उत्तम येत होतं, तेच चारचौघांत पुन्हा श्रीगणेशापासून करायचं, याला किती धैर्य लागत असेल!

"पहिला चेंडू गेला थेट लेगच्या पंचाच्या अंगावर," काका सांगत होते. "आणि मैदान चिडीचूप. साहेबाला हसायचं कसं? ती शांतता मला गोळीपेक्षा जास्त लागली. शेवटी मीच ओरडलो, 'अरे हसा, हुकूम आहे!'"

"मग?"

"पोट धरधरून हसले सगळे. तेव्हा कुठे माझा हात मोकळा झाला."