फ्रेंच सिनेमातला एक घास

सातवी मी दोनदा दिली आणि दोन्ही वेळा शाळेला मी पसंत पडलो नाही. तरी फ्रान्सच्या सिनेमाचा एडिटर झालो, तोही आखातातल्या वादी अदाईत, दोन खोल्यांच्या घरात बसून. पॅरिस मी बघितलेलं नाही. पॅरिसनेही मला कुठे बघितलंय? फिटंफाट.

त्याआधी जवळच्याच रुवीतल्या स्टुडिओत लग्नांचे व्हिडिओ कापायचो. त्या धंद्याचा धर्म एकच: पंगतीत कोणाचं तोंड भरलेलं दिसता कामा नये. घास उचलला की काप, गिळून झाला की जोड. एकदा विसरलो, तर नवरदेवाचा काका स्टुडिओत येऊन बसला. पडद्यावर स्वतःच्या तोंडातला गुलाबजाम बघून म्हणाला, "मी काय पाणघोडा आहे?" दिसत तर होताच. पण कापला.

मग एक फ्रेंच बाई तिकडच्याच रुस्ताक गावी सिनेमा करायला आली. नवरा गेल्यावरही एक डॉक्टरीण तिथेच राहते, एवढीच गोष्ट. तिचा नेहमीचा एडिटर पॅरिसहून यायला तयार नव्हता. तिच्या वसईच्या मॅनेजरने माझं नाव पुढे केलं. ठरलं असं, की शूटिंग चालेल तोवर मी जोडून दाखवायचं. आवडलं तर पूर्ण सिनेमा माझा, नाही तर शूटिंगची डिस्क पॅरिसला. मला पूर्ण सिनेमा हवा होता. शेवटी पडद्यावर नाव येतं. लग्नाच्या व्हिडिओत ते कोण देतो?

जीव ओतून जोडलं. बाईने बघितलं, चष्मा पुसला, परत बघितलं, मग मॅनेजरशी बोलली.

"अंकल, मॅडम विचारतात, माझा सिनेमा कुठे गेला?"

"हा काय समोर."

"अहो, हिरॉइन सगळीकडे जेवतेय. तुम्ही जेवणच काढलंत."

"तोंडात घास ठेवून बोलते ती. आईबापांनी शिकवलं नाही? विचार मॅडमना."

त्याने काहीतरी गोड करून सांगितलं असणार, कारण बाई हसली. हसून झाल्यावर म्हणाली, रविवारपर्यंत सगळे घास परत घाला, नाही तर डिस्क जाईल.

बायको म्हणाली, "घाला की. तुमच्या बापाचं काय जातंय?"

घातले. मासे, खुब्जच्या रोट्या, खजूर, सगळं चघळणं जागच्या जागी आलं. एक सोडून. नवऱ्याला पुरून घरी आल्यावर ती पहिला घास उचलते, तिथे मी कापलं. घास हातात, ओठ उघडले, आणि एकदम रिकामी ताटली. तिचं माणूस गेलंय आणि आपण तिच्या तोंडात डोकवायचं? मला जमणार नव्हतं. गेला सिनेमा तर गेला.

रविवारी बाई बघायला बसली. त्या जागी आल्यावर तिने हात वर केला. मी फिल्म मागे घेतली. परत हात. परत मागे. मॅनेजरने डिस्कची पिशवी जवळ ओढली. मग ती त्याच्याशी हळू काहीतरी बोलली.

"म्हणतात, हा कट असाच ठेवा. पुढचंही तुम्हीच करा. पण बाकीच्या घासांना हात लावाल तर याद राखा."

"यल्ला, चला," म्हटलं, आणि पिशवी त्याच्याकडून परत घेतली.

पुढे या बाईचे आणखी सिनेमे कापले. पहिला मात्र बायकोला लेकीच्या लॅपटॉपवर दाखवला. शेवटी माझं नाव भर्रकन गेलं, तेव्हा ती चहा ओतत होती.

"बाई नुसती खातेय सारखी. यात तुम्ही काय केलंत?"

"मधे एक घास दिसला नाही ना?"

"कुठला?"

"तो माझा."