खड्डा शुक्रावरचा, खड्डा भरावावरचा

उदेसिंग गिरासे रेल्वेत चावीवाले होते. चौतीस वर्षं खांडबारा स्टेशनच्या अल्याड-पल्याड रूळ तुडवायचे, निसटलेली चावी, म्हणजे रूळ घट्ट धरणारी लोखंडी पाचर, दिसली की हातोड्याने ठोकून बसवायची. काल नव्हतं असं आज काय दिसतंय, एवढंच पाहायचं काम. आता चालणं अंगणापुरतं. पण माणूस अजूनही बोलता बोलता जमिनीकडेच बघतो.

एकदाच त्यांनी मालगाडी थांबवली होती. सकाळी भराव सपाट होता, संध्याकाळी रुळाच्या कडेला माती खचलेली दिसली. ते लाल झेंडी घेऊन धावले. साहेब आले, कंदील आले, आणि माती जागच्या जागी निघाली. तेव्हापासून गावात कुणी ना कुणी विचारतंच, "काय उदेसिंग, सावली पकडी का मंग?" आणि ते एकच सांगतात, "मी चुकनू नही. खड्डा व्हता." एकोणतीस वर्षं झाली.

परवा ऊन कलल्यावर त्यांची सून ममता, शाळेत विज्ञान शिकवते ती, ओट्यावर येऊन बसली. हातात मोबाईल.

"बाबा, हाई दखा. शुक्रनी जमीन."

"शुक्रले जमीन बी ऱ्हास?" ममताची सासू छबूबाई तांदूळ निवडता निवडता म्हणाल्या. "माले ते वाटे, नुसता दिवा शे."

"शे ना आई, दगडनी. पन वर ढग इतला दाट, की ती कधी दिसतच नही."

म्हणून, ममताने सांगितलं, शुक्राभोवती फिरणाऱ्या एका यानाने रडारच्या लहरी सोडल्या, त्या ढगांतून आरपार गेल्या, आणि लहरींच्या उजेडात चित्रं उमटली. एक फेब्रुवारीतलं, एक ऑक्टोबरातलं, साल एक्क्याण्णव. पहिल्यात डोंगराच्या अंगावर ज्वालामुखीचं गोल तोंड. दुसऱ्यात तेच तोंड वेडंवाकडं, जवळजवळ दुप्पट. तीसएक वर्षं चित्रं पडून होती. मग कुणीतरी ती शेजारी ठेवून पाहिली.

उदेसिंगबाबांनी मोबाईल जवळ घेतला, लांब धरला.

"उजेड दोन्हीमा येकच बाजूतीन शे का?"

ममता दचकलीच. वर्गात हे कुणी विचारलं नव्हतं. "नही बाबा. एक इकडतीन, एक तिकडतीन."

"मंग ती सावली ऱ्हाई. त्यास्ले कसं समजनं?"

"कॉम्प्युटरमा तऱ्हातऱ्हाना खड्डा कयात, दोन्ही बाजूतीन उजेड टाका. न बदलेल एक बी खड्डा जुळना नही. मंग समजनं, तोंड खरंच बदलनं. खालतीन काहीतरी वर उनं."

बाबांनी मोबाईल ओट्यावर ठेवला. ऊन पिवळं होऊन भिंतीवर चढत होतं.

"ममता, बादलीभर माती भिजाड."

"घ्या," छबूबाई म्हणाल्या, "आते चिखल खेळतस."

त्यांनी अंगणात भराव केला, वीतभर उंच. त्यावर रुळांच्या जागी दोन काड्या. कडेला रुळाखालच्या मोरीची बुटकी भिंत आणि खडीचा ढीग, त्या दिवशी होते तिथेच. खड्डा मात्र केला नाही. बाबांनी उन्हाकडे गोणपाट आडवं धरलं, ममताने पूर्वेकडून, सकाळच्या उन्हासारखा, टॉर्च मारला. सपाट. मग टॉर्च बंद केला, गोणपाट बाजूला घेतलं, आणि मावळतीचं खरं ऊन आडवं आलं. ढिगाची सावली भिंतीच्या सावलीला मिळाली. रुळाच्या कडेला काळा, खोल, गोल खड्डा पडला.

छबूबाईंच्या हातातलं सूप थांबलं. एकोणतीस वर्षं त्याच गावाशी नवऱ्याच्या बाजूने भांडत आल्या होत्या.

"सावलीच व्हती," उदेसिंगबाबा म्हणाले. स्वप्नातून बोलावं तसे, हळू.

"ऱ्हावू द्या," छबूबाई म्हणाल्या. "गाडी थांबनी, कोन्ही मरनं नही."

"नही. चुकनू ते चुकनू." मग ते पुन्हा खाली वाकले. "आते तुन्हा शुक्र दखाड."

त्यांनी ओल्या मातीत बोटाने गोल तोंड कोरलं. ममता टॉर्च इकडून धरी, तिकडून धरी, खाली वर करी. बाबा मोबाईलमधलं चित्र बघत, मान हलवत. पश्चिमेला शुक्र चमकू लागला, तरी त्यांनी मान वर केली नाही. सावली लांब झाली, आखूड झाली, पण दुसऱ्या चित्रातला आकार काही आला नाही. शेवटी त्यांनी अंगठा घातला आणि एका बाजूने तोंड फाडून मोठं केलं. ममताने टॉर्च मारला.

जुळलं.

"हाई सावली नही, बेटा," ते म्हणाले. "आठे जमीन खरंच हालेल शे."